म्हादेवाची पट्टी

2022 च्या पावसाळ्यात वडिलांनी मला व्हॉट्सअपवर एक पीडीएफ पाठवली. खाली एकच ओळ होती, "हे काय आलंय बघ." कळंब तालुक्यातल्या आमच्या गावच्या साडेतीन एकराचा डिजिटल सातबारा होता तो. नाव वडिलांचंच, क्षेत्र तेवढंच, आकारही तोच. बदललं होतं ते इतकंच की 'भोगवटादार वर्ग 1' असायचं तिथे 'वर्ग 2' आलं होतं आणि इतर अधिकाराच्या रकान्यात दोन नवे शब्द बसले होते: देवस्थान जमीन.

शेतीशी संबंध सुटलेल्यांसाठी सांगतो. वर्ग 1 म्हणजे जमीन विका, गहाण टाका, वाटणी करा, कुणाला विचारायचं काम नाही. वर्ग 2 म्हणजे जमीन तुमच्या ताब्यात आहे, पण परवानगीशिवाय तिचं काही करता येत नाही. आणि देवस्थानाची असेल तर ताबाही तुमचा कशावरून, इथून प्रश्न सुरू होतो. बँकेने त्या वर्षी पीककर्जाचं नूतनीकरण अडवून ठेवलं. सोयाबीन पेरून झालं होतं.

वडील चिडले होते. आजोबांनी 1974 साली ती जमीन गावच्या गुरवाकडून घेतली होती. रीतसर खरेदीखत, स्टॅम्प, रजिस्टर ऑफिसचा शिक्का, मग फेरफार, मग सातबारा. अठ्ठेचाळीस वर्षं कुणी काही बोललं नाही. मग देव मध्येच कुठून आला?

मी लातूरला आत्याला फोन लावला. ती आबांची थोरली लेक, तिला सगळं आठवतं. मी सांगितलं तर ती हसलीच. "अरे, कुठून आला म्हणजे? आपण त्या रानाला म्हादेवाची पट्टीच म्हणत आलोत की. डबा घेऊन कुठं जायचं म्हटलं तर आई म्हणायची, पट्टीत जा."

हे मला माहीत होतं. मीही लहानपणापासून तेच नाव ऐकलंय. विहिरीचं रान, चिंचेचं रान, म्हादेवाची पट्टी. पण नाव हे नाव असतं, त्याचा अर्थ काय हे कुणी विचारतं का? त्या दिवसापासून मी हा अर्थ शोधत हिंडलो. पुण्यातली नोकरी सांभाळून, शनिवारी रात्रीच्या एसटीने जायचं, सोमवारी कचेरी उघडली की नकलांचे अर्ज टाकायचे, दुपारची गाडी धरायची. पुढचं सगळं त्या हिंडण्यातून आलंय.

सगळ्यात आधी कळलं ते हे की आमच्या जिल्ह्याचा कागद एका भाषेत नाही. 2023 मध्ये मराठा-कुणबी नोंदींसाठी न्यायमूर्ती शिंदे समितीने मराठवाड्याची दप्तरं उघडली, तेव्हा टीव्हीवर सगळ्यांनी ते पाहिलं: लाल फडक्यातली गाठोडी, मोडीतले कागद, उर्दूतले कागद, भिंग घेऊन बसलेले जाणकार. त्याच गाठोड्यांत देवांच्या जमिनीही आहेत.

आमचा मुलूख 17 सप्टेंबर 1948 पर्यंत निजामाच्या राज्यात होता, हे शाळेत शिकवतात. मध्ये 1853 ते 1860 अशी सात वर्षं तो इंग्रजांकडे गेला होता हे फारसं कुणी सांगत नाही. तेव्हा जिल्ह्याचं ठाणं नळदुर्ग होतं आणि फिलिप मेडोज टेलर हा कादंबऱ्या लिहिणारा अधिकारी तिथे कारभार पाहायचा. त्याची 'तारा' ही कादंबरी तुळजापुरातच सुरू होते. 1860 ला जिल्हा परत निजामाकडे. 1904 ला ठाणं नळदुर्गहून धाराशिवला आलं, पुढे सातव्या निजामाच्या नावावरून गावाचं उस्मानाबाद झालं आणि 2023 मध्ये पुन्हा धाराशिव. राज्यकर्ता बदलला की दप्तराची लिपी बदलायची. गावात कुलकर्ण्याचा कागद मोडीत, वरच्या दरबारात फारसी, 1880 च्या दशकात फारसीच्या जागी उर्दू. जमीन एकच, तिच्याबद्दलची वाक्यं चार लिप्यांत.

निजामी राज्यात देवळांना, मशिदींना, दर्ग्यांना, मठांना जमिनी दिलेल्या होत्या. काही त्या राज्याने दिल्या, पुष्कळशा त्याआधीच्या राजांनी दिलेल्या होत्या आणि निजामाने त्या पुढे चालू ठेवल्या. या सगळ्या दानांचा हिशेब ठेवणारं खातं म्हणजे अतियात. या खात्याने चौकशी करून जो दाखला द्यायचा त्याला मुंतखब म्हणत. इनाम कुणाच्या नावाने, किती, कशासाठी, कुठल्या शर्तीवर, सगळं त्यात. इनामदार मेला की वारसाने पुन्हा अर्ज करायचा, त्याची विरासत मंजूर व्हायची, मग इनाम पुढे चालायचं. आपोआप काही नाही.

दोन शब्द इथे नीट समजून घ्यायला हवेत, कारण आजचे निम्मे वाद या दोन शब्दांचे आहेत. मददमाश आणि खिदमतमाश. माश म्हणजे उदरनिर्वाह. मददमाश म्हणजे मदत म्हणून दिलेला: विद्वान आहे, फकीर आहे, सरदाराची विधवा आहे, घ्या जमीन आणि जगा. खिदमतमाश म्हणजे चाकरीच्या बदल्यात: देवळात रोज दिवा लावा, पूजा करा, मशिदीत अजान द्या, दर्ग्यात झाडलोट करा, आणि त्यासाठी ही जमीन कसून खा. मददमाश माणसाला मिळते. खिदमतमाश कामाला मिळते. काम थांबलं की जमिनीवरचा हक्क थांबला, असं तत्त्व.

आता सरकारी भाषेत त्यांना 'मदतमाश' असं मराठीकरण करून लिहितात. ते मला आवडतं. शब्दही शेवटी वहिवाटीनेच आपला होतो.

आमच्या पट्टीचा मुंतखब मिळायला सात महिने लागले. तो कुठल्या कार्यालयातून मिळाला आणि त्यासाठी किती वेळा 'साहेब मीटिंगला गेलेत' ऐकलं ते राहू दे. कागद 1331 फसलीचा. फसली सालात 590 मिळवले की इसवी सन येतो, म्हणजे 1921. घसटून लिहिलेली उर्दू. धाराशिवातल्या एका निवृत्त मास्तरांनी तो वाचून दिला. पैसे घेतले नाहीत, फक्त चहा. त्यांनी वाचता वाचता एका ओळीवर बोट ठेवलं आणि म्हणाले, "तुमचं भांडण इथं आहे बघा."

इनामदाराच्या जागी नाव होतं गुरवाच्या पणजोबाचं. कारणाच्या जागी होतं महादेवाच्या देवळाची पूजा आणि दिवाबत्ती. म्हणजे जमीन दिली कुणाला? देवाला दिली आणि गुरव ती सांभाळतो? की गुरवाला दिली आणि त्याबदल्यात तो देवाचं करतो? कागदात दोघंही आहेत. 1921 च्या कारकुनाला हा प्रश्न पडला नसणार. देव आणि गुरव एकमेकांना सोडून कुठे जाणार होते?

इथे जरा धाराशिव सोडून शेजारी जायला हवं. कळंबहून बार्शी काही फार लांब नाही. पण बार्शी इंग्रजांच्या सोलापूर जिल्ह्यात, आणि आम्ही निजामात. त्या सीमेच्या पलीकडे इंग्रजांनी 1852 च्या कायद्याने इनाम कमिशन नेमलं, सनदा तपासल्या, इनामांचे वर्ग पाडले. तिकडे देवाची जमीन म्हणजे 'देवस्थान इनाम वर्ग 3'. इकडे तीच 'खिदमतमाश'. दोन्ही गावं आज महाराष्ट्रात आहेत, दोन्हीकडे तोच महादेव, तोच गुरव, तीच काळी जमीन. तरी बार्शीच्या वकिलाला कळंबच्या देवाचा दावा चालवायचा तर निजामी कायद्यांची पुस्तकं उघडावी लागतात. राज्यं संपून पंचाहत्तर वर्षं झाली तरी त्यांच्या सीमा अजून कोर्टात जिवंत आहेत.

पुढचा टप्पा पोलीस ॲक्शननंतरचा, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा. हैदराबाद राज्यात 1358 फसलीत, म्हणजे 1948-49 च्या सुमारास, जमिनीच्या अधिकार अभिलेखाचा नियम झाला. त्याच्याच आधारे 1954-55 ला गावोगाव खासरा पाहणीपत्रक तयार झालं. प्रत्येक सर्व्हे नंबरला मालक कोण, कसणारा कोण, धारणा कुठली, हे जागेवर जाऊन लिहिलं. मराठवाड्यात कुठल्याही जमिनीच्या वादात वकील पहिल्यांदा विचारतो, "खासरा आणलाय का?" तो यामुळे.

त्याच सुमारास, 1954 च्या कायद्याने हैदराबाद राज्यातली इनामं रद्द झाली. पण धार्मिक आणि धर्मादाय संस्थांची इनामं त्यातून वगळली. हे वगळणं लक्षात ठेवा. जमीनदारी गेली, जहागिऱ्या गेल्या, माणसांची इनामं गेली, देवाचं इनाम मात्र राहिलं. कसणाऱ्यांच्या हक्काची चळवळ जोरात असताना देव हा एकटा इनामदार शिल्लक राहिला. आणि त्याला बोलता येत नव्हतं.

आता मी काढलेल्या नकला एकाखाली एक ठेवतो.

1954-55 चा खासरा. मालकाच्या रकान्यात 'देवस्थान महादेव'. कसणाराच्या रकान्यात गुरव. चोख.

त्यानंतरचा हस्तलिखित सातबारा. 'महादेव देव, वहि. अमुक गुरव'. वहि. म्हणजे वहिवाटदार, देवाच्या वतीने पाहणारा. अजूनही ठीक.

हाताने लिहिलेले सातबारे दर काही वर्षांनी नव्या वहीत उतरवून काढावे लागत, कारण पीकपाहणीचे रकाने भरून जात. याला पुनर्लेखन म्हणतात. पुढच्या पुनर्लेखनात तलाठ्याने भोगवटादाराच्या जागी नुसतं गुरवाचं नाव लिहिलं आणि 'देवस्थान इनाम' हे शब्द उजवीकडे इतर हक्कात टाकले. देव मालकाच्या रकान्यातून बाजूच्या रकान्यात गेला. कुठला आदेश नाही, कुठला फेरफार क्रमांक नाही.

त्याच्या पुढच्या वहीत इतर हक्काचा रकाना रिकामा.

एवढंच. यात कुणी बनावट सही केली नाही. कुणी लाच दिली असेल तर ती या कागदांत दिसत नाही, आणि मला वाटतं दिलीच असेल असंही नाही. शेकडो पानं उतरवणारा माणूस, कंदिलाचा उजेड, 'वहि.' ही दोन अक्षरं आणि एक टिंब. ती सुटली आणि साडेतीन एकर जमिनीचा मालक बदलला. पुढे सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले, मग कॉम्प्युटर आला. कॉम्प्युटरने समोरच्या वहीत जे होतं तेच घेतलं, आणि चूक टाइप होऊन पक्की झाली.

खरं तर गावाकडे आणखी एक वही असते. गाव नमुना 3, दुमाला जमिनींची नोंदवही. दुमाला म्हणजे इनामी. सातबाऱ्यावरून काही गळलं तर ताळा घ्यायला हीच. आमच्या गावची ती वही मला शेवटपर्यंत पाहायला मिळाली नाही. तलाठी मात्र चांगला माणूस होता. (2024 पासून तलाठ्याला ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं आहे, पण गावात कुणी म्हणत नाही.) तो म्हणाला, "मी येऊन दोन वर्षं झाली दादा, माझ्या चार्जयादीतच नाही ती."

सातबारा म्हणजे मालकीचा पुरावा, असं आपण सगळे धरून चालतो. तसं नाही. ऑस्ट्रेलियात रॉबर्ट टॉरेन्सने 1858 मध्ये अशी पद्धत आणली की सरकारी नोंदवहीत ज्याचं नाव तो मालक, आणि याची हमी सरकारची. जगातल्या पुष्कळ देशांनी ती उचलली. आपल्याकडे तशी हमी नाही. आपला सातबारा मुळात सारा कुणाकडून वसूल करायचा याची यादी. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम 157 म्हणतं की अधिकार अभिलेखातली नोंद खरी मानायची, पण विरुद्ध सिद्ध होईपर्यंतच. 'होईपर्यंत' या शब्दावर या राज्यातल्या निम्म्या दिवाणी वकिलांची घरं चालतात.

6 सप्टेंबर 2021 ही तारीख यासाठी मजेशीर आहे. त्या एकाच दिवशी सर्वोच्च न्यायालयाने मध्य प्रदेशातून आलेल्या दोन वेगळ्या प्रकरणांत दोन आदेश दिले. एकात सांगितलं, फेरफाराने मालकी मिळतही नाही आणि जातही नाही, तो फक्त महसुलासाठी असतो. दुसऱ्यात, पुजाऱ्यांच्या संघटनेच्या प्रकरणात, सांगितलं की देवळाच्या जमिनीचा मालक देव. पुजारी हा देवाची मालमत्ता सांभाळणारा, त्याचं नाव मालकाच्या रकान्यात लिहायचं कारण नाही. माझ्या वडिलांना मी दोन्ही वाचून दाखवले. ते म्हणाले, "म्हंजे नाव लागलं तरी मालक नाही, आन् नाव नाही लागलं तरी मालक." बरोबर आहे, तेच.

देव मालक कसा होतो हा प्रश्न पुण्यातले मित्र नेहमी विचारतात, थोडं हसत. कायद्यात त्यात हसण्यासारखं काही नाही. कंपनी जशी व्यक्ती, तशी प्राणप्रतिष्ठा झालेली मूर्ती ही व्यक्ती. 1925 मध्ये कलकत्त्याच्या मल्लिक घराण्यातल्या वादात प्रिव्ही कौन्सिलने हे ठामपणे सांगितलं. आणि न्यायालयं देवाला अज्ञान धरतात, म्हणजे कायम अठरा वर्षांच्या आतलं लेकरू. त्याची मालमत्ता सांभाळणारा पालक. लेकराची जमीन पालकाला विकता येते, पण लेकराच्याच गरजेसाठी. शेबाइताला, म्हणजे देवाच्या व्यवस्थापकाला, हाच नियम प्रिव्ही कौन्सिलने 1875 मध्ये लावला: देवाच्या गरजेपुरतं.

मग 1974 ला गुरवाने जमीन का विकली? खरेदीखतात लिहिलंय, 'प्रपंचाच्या अडचणीस्तव'. 1972 चा दुष्काळ आमच्या भागात लोक अजून 'बाहत्तर' एवढंच म्हणून सांगतात. त्या वर्षी गुरवाची बैलं गेली. दोन वर्षांनी थोरल्या मुलीचं लग्न. अडचण खरी होती. पण ती देवाची नव्हती.

आजोबांना हे माहीत नव्हतं का? मी या प्रश्नाला बराच टाळत होतो. ते सातवी शिकलेले, पंचायतीत बसलेले, कागद वाचणारे. आणि ते रानाला म्हादेवाची पट्टी म्हणत. खरेदीनंतरही. आत्याने मग दुसरी गोष्ट सांगितली. आबा दर सोमवारी देवळात पावशेर तेल द्यायचे, सुगीत पट्टीतल्या ज्वारीची पहिली पायली गुरवाच्या घरी पोचती व्हायची. "विकत घेतलं तरी दिवा त्या रानाचाच की," असं ते म्हणायचे म्हणे. म्हणजे कागदावर त्यांनी पूर्ण मालकी घेतली आणि मनात खिदमतमाश चालू ठेवली. दोन्ही एकाच वेळी. 1996 ला आबा गेले. वडिलांनी काही वर्षं तेल दिलं, मग आमचं शिक्षण, बोअर, कर्ज. बंद झालं.

जिल्ह्यात आमच्यासारखे कितीतरी. त्या दीड-दोन वर्षांत धाराशिवमध्ये असंख्य सातबाऱ्यांवर वर्ग 1 चं वर्ग 2 झालं. मोर्चे निघाले, निवेदनं गेली, निवडणुकीत आश्वासनं झाली. यात सगळी जमीन देवाची नव्हती, काही निजामी इनामाची, काही सरकारने वाटलेली, काहींच्या बाबतीत तर कारण कुठलं हेच स्पष्ट नाही. माझं म्हणणं जुना कागद तपासूच नये असं नाही. तपासावाच. पण देवाचं नाव ज्या सहजपणे सुटलं त्याच सहजपणे ते परत चिकटवलं गेलं, नोटीस नाही, म्हणणं ऐकणं नाही, हे मला खटकतं. वडिलांना कळलं ते बँकेतून.

आणि तपासणीची गरज होती याला पुरावाही जिल्ह्यातच आहे. तुळजापुरातलं मंकावती तीर्थकुंड. शेकडो वर्षांचं जुनं कुंड, त्याच्यावर खोट्या कागदांनी खाजगी मालकी लावल्याच्या आरोपावरून 2021 मध्ये गुन्हा दाखल झाला. तुळजाभवानीचं देवस्थान तर केवढं मोठं, विश्वस्त मंडळाचे अध्यक्ष स्वतः जिल्हाधिकारी, कारभाराला 1909 ची निजामी 'देऊल-ए-कवायत' ही नियमावली. एवढ्या मोठ्या देवीच्या गावातही कुंडाचे कागद वादात सापडतात, तर आमच्या गावच्या पत्र्याच्या सभामंडपातल्या महादेवाची काय कथा. त्याच्याकडे कार्यालय नाही, वकील नाही, हुंडी नाही. त्याच्याकडे फक्त गुरव होता.

तो गुरवही आता गावात नाही. 1974 ला विकणाऱ्याचा नातू चाकणला एका कारखान्यात आहे, माझ्याच वयाचा. मी त्याला जाऊन भेटलो. पहिली दहा मिनिटं अवघड गेली. मग तो म्हणाला, "आमच्या आज्याला पगार होता का? जमीन हाच पगार. पगार विकला म्हणून चोर म्हणता, मग पगार देणारं कोण होतं ते सांगा." सर्वोच्च न्यायालयाने पुजारी हा सेवक आहे म्हटलं, ते कायद्याने ठीकच. पण सेवकाला मोबदला लागतो, आणि साडेतीन एकर कोरडवाहूत बाहत्तर निघत नाही. या प्रश्नाचं उत्तर मला त्या निकालात दिसलं नाही.

तोही आता दावेदार आहे. वर्ग 2 ची नोंद आल्यावर गुरवाच्या वारसांनी अर्ज टाकला: आमची खिदमतमाश, आमची विरासत लावा. तिसरा अर्ज गावच्या नव्या ट्रस्टचा. देवळाच्या नावाने धर्मादाय कार्यालयात नुकतीच नोंदणी झाली, सात विश्वस्त. त्यात सोसायटीचे माजी चेअरमन आहेत, उपसरपंच आहेत, बांधकामाचे ठेकेदार आहेत. गुरव एकही नाही. ट्रस्टची मालमत्ता म्हणून परिशिष्टात आमचा गट नंबर. आमची जमीन रस्त्याला लागून आहे आणि तो रस्ता मोठा होणार आहे, हे इथे सांगायला हवं. देवाची आठवण येण्याचं टायमिंग मी नुसतं नोंदवून ठेवतो. सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या कलम 36 प्रमाणे धर्मादाय आयुक्तांच्या मंजुरीशिवाय ट्रस्टला जमीन विकता येत नाही, शेतजमीन दहा वर्षांपेक्षा जास्त भाड्यानेही देता येत नाही. कायदा चांगला आहे. 'वहि.' लिहिण्याचा नियमही चांगलाच होता.

मधल्या काळात सरकारनेही बाजू बदलत ठेवली. 2024 मध्ये मराठवाड्यातल्या मदतमाश जमिनी वर्ग 1 करायचा नजराणा बाजारमूल्याच्या 50 टक्क्यांवरून 5 टक्क्यांवर आणला. खिदमतमाशला मात्र 100 टक्के, त्यातला एक भाग देवस्थानाच्या देखभालीला. म्हणजे कागदावर 'मदत' आहे की 'खिदमत' यावर आमच्यासारख्या घराचं पाच टक्के की शंभर टक्के ते ठरतं. 1921 च्या कारकुनाने लिहिलेल्या एका शब्दाचा दर एवढा आहे. त्यानंतर मे 2025 मध्ये राज्यभर देवस्थान जमिनींचे दस्त नोंदवणंच थांबवलं, धोरण ठरेपर्यंत. ज्यांची बोलणी अर्धवट होती ते तिथेच अडकले.

आमच्या प्रकरणाच्या सुनावणीला मी दोनदा गेलो. एक टेबल, समोर तीन वकील, मागे आम्ही. आमचे वकील म्हणाले की 1974 चं खरेदीखत, इतक्या वर्षांचा ताबा, आणि त्या वेळच्या सातबाऱ्यावर देवाचं नाव नव्हतं, तेव्हा आमच्या अशिलाने विश्वासाने घेतलं. शेवटचं वाक्य ऐकताना मी वडिलांकडे पाहिलं. ते खाली बघत होते. वकिलाने वाक्यं चुकीची मांडली नव्हती. सातबाऱ्यावर खरंच नाव नव्हतं. पण "रानाला गावात काय म्हणतात?" असं समोरच्या कुणी विचारलं असतं तर वडिलांनी खोटं सांगितलं नसतं, हे मला माहीत आहे. कुणी विचारलं नाही. तो रकाना कुठल्याच नमुन्यात नाही.

बाहेर आल्यावर टपरीवर गुरवाचा नातू भेटला. रजा टाकून आला होता. वडिलांनी त्याला चहा पाजला. तो म्हणाला, "मामा, निकाल काय लागंल ते लागंल. श्रावणात देवळात दिवा कोण लावायलंय सध्या?"

वडील म्हणाले, "कुणीच नाही. पोरं लाइटची माळ सोडतेत."

गावी परतताना वडील एसटी स्टँडच्या मागच्या किराणा दुकानात गेले. मला वाटलं साखर घेतील. त्यांनी करडीचं तेल मागितलं. दुकानदाराने विचारलं, किती. वडील जरा थांबले, मग माझ्याकडे वळून म्हणाले, "पावशेर म्हंजे आता किती रे, अडीचशे मिली का?"

पुढची तारीख नऊ तारखेला आहे.